टोनीनं टोल भरला!

'द सोप्रानोज' या मालिकेवर आमच्या घरातला पहिला आक्षेप नावं पडून संपायच्या आतच नोंदवला गेला. न्यू जर्सीतल्या माफियाचा म्होरक्या टोनी सोप्रानो तोंडात सिगार धरून लिंकन बोगद्यातून बाहेर पडतो, भली थोरली गाडी टोलनाक्याशी आणतो, हात बाहेर काढतो आणि मुकाट्यानं तिकीट घेऊन पुढं जातो. पुतण्याबरोबर बघायला बसलेलं गल्लीतलं एक पोरगं म्हणालं, "काका, ह्यो कसला डॉन? टोल भरायलाय की!"

पोराचं चुकत नव्हतं. धुळे-सोलापूर महामार्गानं आमच्या बीड जिल्ह्यातून जाताना नाक्यावर निमूट पैसे मोजणारा एक तर परजिल्ह्यातला असतो, नाहीतर माझ्यासारखा निवृत्त शिक्षक. बाकीच्यांची ओळख मागच्या काचेवर लिहिलेली असते. 'दादा', 'भाऊ', 'साहेब', 'आप्पा', आणि ज्याला यातलं कुणीच नाही त्याच्या काचेवर 'आईचा आशीर्वाद'. ज्याचा मेहुणा पंचायत समितीचा माजी सदस्य आहे, तोसुद्धा फास्टॅग वाचणाऱ्या यंत्राला "लोकल हाय" असं सांगून बघतो. अशा मुलखात, ज्याच्या एका इशाऱ्यावर मुडदे पडतात त्या माणसानं टोलच्या रांगेत थांबावं हे पचायला आम्हांला जड गेलं.

मालिका तशी जुनी. डेव्हिड चेस यांनी ती रचली. एचबीओ वाहिनीवर १० जानेवारी १९९९ला ती सुरू झाली आणि सहा सीझन, ८६ भाग होऊन १० जून २००७ला संपली. तिकडं टीव्हीचा इतिहास हिच्या आधीचा आणि हिच्या नंतरचा, असा सांगतात म्हणे. आमच्यापर्यंत ती आत्ता पोचली, तीही पुण्यात स्पर्धा परीक्षेची तयारी करणारा पुतण्या दिवाळीला लॅपटॉप घेऊन आला म्हणून. पण नव्वदच्या दशकात मंजूर झालेली रेल्वे बीड शहरात १७ सप्टेंबर २०२५ला आली. त्या मानानं टोनी वेळेवरच आला म्हणायचा.

इंग्रजी कळणारा घरात पुतण्या एकटाच. तो थांबवून थांबवून अर्थ सांगायचा. शिवी आली की आजी समोर असल्यामुळं "काहीतरी बोलला" म्हणून पुढं सरकायचा. या मालिकेत असे प्रसंग पुष्कळ आहेत, की ज्यांत दोन माणसं पाच-पाच मिनिटं एकमेकांना फक्त काहीतरी बोलतात.

खून भरपूर असले तरी गोष्ट खुनांची नाही. बाहेर ज्याच्या नावानं लोक चळाचळा कापतात त्याचं घरात कुणी ऐकत नाही, ही गोष्ट आहे. पोरगं अभ्यासाला टेकत नाही, पोरगी तोंडावर उलट बोलते, बायको हिशेब विचारत नाही पण तोंड पाडून बसते, आणि आई तर काय, आईच आहे. टोनीच्या अंगणातल्या पोहण्याच्या तलावात रानबदकं येऊन राहतात, पिल्लं काढतात. हा धिप्पाड माणूस कौतुकानं त्यांना खाऊ घालतो. एक दिवस ती उडून जातात आणि पोराच्या वाढदिवसाला मांस भाजता भाजता टोनी धाडकन खाली पडतो. सगळ्या तपासण्या होतात, शरीरात दोष सापडत नाही, आणि त्याची रवानगी होते डॉक्टर मेल्फी या मनोविकारतज्ज्ञ बाईंकडं.

आम्ही लगेच हे आमच्याकडं बसवून पाहिलं. बीड जिल्ह्यात अंगणात बदकं उतरवायची तर आधी टँकर सांगावा लागेल. पाटोदा तालुक्यात नायगावला मोरांचं अभयारण्य आहे, तेव्हा आमच्या दादाला फार तर मोर उडून गेल्याचं दुःख होईल. पण तेवढ्यानं तो पडणार नाही. आमच्याकडचा दादा पडतो तो फक्त जिल्हा परिषदेला.

समजा, पडलाच. "छातीत धडधडायलंय, जीव घाबरायलाय" असं म्हटल्यावर आमच्याकडं पहिलं निदान 'गॅस' हे असतं. त्यावर ओवा. मग घरातली वडीलधारी बाई मीठ-मोहरी ओवाळून टाकते. मग ईसीजी, आणि तो नीट आला तरी एक सलाईन, कारण सलाईन न लावता घरी पाठवणाऱ्या डॉक्टरची डिग्री लोकांना पटत नाही. या सगळ्यात मनाचा नंबर लागतच नाही.

वास्तविक सोय नाही असं नाही. अंबाजोगाईला स्वामी रामानंद तीर्थ ग्रामीण वैद्यकीय महाविद्यालय आहे. ग्रामीण भागातलं आशियातलं पहिलं, असं अंबाजोगाईकर पाहुण्याला चहाच्या आधी सांगतात. तिथून जवळच लोखंडी सावरगावला सरकारनं वृद्धत्व आणि मानसिक आजार या दोन्हींचं मिळून एक केंद्र उभारलंय. टोनीची आई वृद्धनिवासात जायला तयार नाही आणि टोनी मनाच्या डॉक्टरकडं चोरून जातो, या सोप्रानो घराण्याच्या मुख्य दोन भानगडी. आमच्या आरोग्य खात्यानं दोन्ही एकाच फाटकात मिटवून ठेवल्यात.

अडचण 'चोरून' या शब्दाशी आहे. टोनीच्या धंद्यात मनाचा डॉक्टर गाठणं म्हणजे कच्चेपणा, आणि आतल्या गोष्टी बाहेर फुटण्याची भीती. कळलं तर त्याचेच लोक त्याला संपवतील, म्हणून तो एकटा, गुपचूप जातो. आमचा दादा एकटा पानटपरीवरही जात नाही. तो तीन गाड्या घेऊन जाईल. एक जण नंबर लावायला, एक जण चहा सांगायला आणि एक जण मोबाइल आडवा धरून उभा: "भाऊंची तब्येत ठणठणीत, अफवांवर विश्वास ठेवू नका." डॉक्टरबाई विचारतील, "तुमच्या लहानपणाबद्दल सांगा," आणि भाऊंनी तोंड उघडायच्या आत मागचा कार्यकर्ता बोलेल, "मॅडम, भाऊ लहानपणापासूनच समाजकार्यात हायेत."

टोनीच्या आईचं नाव लिव्हिया. हे पात्र स्वतःच्या आईवरून घेतल्याचं चेस यांनी मुलाखतींत सांगितलंय. अंधार पडला की ती फोन उचलत नाही. कुणी काही आणून दिलं तर कशाला आणलं म्हणते, नाही आणलं तर कुणाला काळजी नाही म्हणते, आणि देवानं आता न्यावं हे तिचं पालुपद. आमच्या आईला इंग्रजीचा गंध नाही, पण लिव्हिया पडद्यावर आली की ती पदर सारखा करून सरसावून बसायची.

"ही बरोबर बोलायलीय," एकदा ती म्हणाली.

"काय बोलली ते कळलं का?" मी विचारलं.

"कळायचं काय त्यात? तोंडावर दिसतंय की. कुणी इचारत नाही तिला."

टोनीनं लिव्हियाला महागड्या वृद्धनिवासात नेऊन ठेवलं, तेव्हा आईनं आधी माझ्याकडं आणि मग माझ्या बायकोकडं बघितलं. त्या रात्री येसराच्या आमटीत मीठ कमी असल्याचं तिनं ताट उचलेपर्यंत लावून धरलं. पुढं लिव्हिया आपल्या दिराला फूस लावते आणि पोटच्या पोरावर मारेकरी घालण्याचं ठरतं. पुतण्यानं हे चाचरत सांगितलं, "आजी, ती पोरालाच मारायला लावायलीय." आई जरा वेळ गप्प राहिली. मग म्हणाली, "वंगाळच की ते." आणि सुपारी कातरत पुढं, "पण आश्रमात टाकायचं नव्हतं."

आईला एकूण मालिकेचं फार नवल वाटलं नाही. तिनं २०१९ साली 'रात्रीस खेळ चाले'च्या दुसऱ्या पर्वात अण्णा नाईक पाहिलेत. गावात दबदबा, घरात दहशत, वाड्यात सोसणारी माई आणि बाहेर शेवंता. "तेच हाय," तिनं निकाल दिला, "फकस्त नारळाची झाडं नाहीत."

काका-पुतण्याच्या प्रकरणात मात्र घरात जरा ताण आला. जुना म्होरक्या कॅन्सरनं गेल्यावर टोनी गादीवर न बसता ज्युनिअर काकांना बसवतो. नाव काकांचं, पोलिसांचा डोळा काकांवर, लगाम टोनीच्या हातात. पुतण्या म्हणाला, बघा कसला डाव टाकलाय. गल्लीतल्या पोरांनी जांभई दिली. गावच्या सोसायटीपासून दूध संघापर्यंत चेअरमन एक आणि सही कुठं करायची ते दाखवणारा दुसरा, हे बघतच ती वाढलीत. या दुसऱ्याला आमच्याकडं 'मार्गदर्शक' म्हणतात.

शिवाय काका-पुतण्या या विषयात बीडकरांनी कुणाची शिकवणी लावायची गरज नाही. २०१९च्या विधानसभेला बीडमध्ये पुतण्यानं काकांना पाडलं आणि परळीत भावानं चुलत बहिणीला. तेही मतदान यंत्रातून, दिवसाउजेडी, कायद्यानं. ज्युनिअर काका मात्र पुतण्याला गोळ्या घालायला माणसं पाठवतात. या बाबतीत आमची लोकशाही न्यू जर्सीच्या पुष्कळ पुढं आहे. शेवटच्या सीझनमध्ये टोनी ज्याला पुतण्या म्हणून वागवत आला त्या ख्रिस्तोफरला, अपघातात जखमी झालेला असताना, नाक दाबून मारतो. आमच्या पुतण्यानं लॅपटॉप थांबवला, माझ्याकडं बघितलं आणि विचारलं, "काका, वावराची वाटणी कधी करायची?"

टोनीचा कागदोपत्री व्यवसाय कचरा व्यवस्थापनाचा सल्लागार. आमच्याकडं त्या रकान्यात 'शेती व समाजसेवा' असं लिहायची पद्धत आहे. दसरा झाला की या जिल्ह्यातून लाखो माणसं मुकादमाची उचल अंगावर घेऊन ऊस तोडायला पश्चिम महाराष्ट्रात आणि कर्नाटकात जातात, कारण शेतीत भागत नाही. त्याच जिल्ह्यात, त्याच पावसावर काहींचं सोयाबीन असं पिकतं की दारात फॉर्च्युनर उभी राहते. बियाणं कुठलं, ते कृषी विद्यापीठालाही सांगत नाहीत. टाकाऊ मालात पैसा असतो हे टोनीनं आम्हांला शिकवायला नको. परळीच्या औष्णिक वीज केंद्राची राख आणि गोदावरीची वाळू यांवर वर्तमानपत्रांचे जेवढे रकाने भरले, तेवढे ज्ञानेश्वरीवर भरले नसतील. टोनीचे लोक एका बांधकामावर काम न करता पगार उचलतात, दिवसभर घडीच्या खुर्च्या टाकून गप्पा मारतात. रोजगार हमीचे हजेरीपट ज्यानं पाहिलेत त्याला हा माहितीपट वाटेल. आमच्या ओळखीचे एक गुत्तेदार हे दृश्य बघून हळहळले, "बिचारे साइटवर तरी येत्यात."

बायकोला आवडली ती टोनीची बायको कार्मेला. पैसा कुठून येतो हे तिला ठाऊक आहे. म्हणून ती विचारत नाही. चर्चमध्ये जाते आणि पाद्र्याला घरी बोलावून चांगलंचुंगलं खाऊ घालते. एका भागात तिला मुलीसाठी मोठ्या विद्यापीठाला शिफारसपत्र हवं असतं. शेजारणीची बहीण तिथली माजी विद्यार्थिनी. कार्मेला हातानं केलेला गोड पदार्थ घेऊन तिच्या ऑफिसात जाते आणि हसतमुखानं सांगते, पत्र हवंय. आवाज चढत नाही, धमकी दिली जात नाही. पण त्या बहिणीच्या चेहऱ्याचा रंग उडतो, आणि पत्र लिहिलं जातं.

"अय्या, ह्या तर आपल्या वहिनी!" बायको म्हणाली. आमच्याकडच्या वहिनी पैठणीचा खेळ ठेवतात, हळदीकुंकवाला स्टीलचे डबे वाटतात, आणि कामाला निघताना सीताफळांची पाटी नेतात. बीडच्या सीताफळाला भौगोलिक मानांकन आहे, शिफारशीला वजन आहे. दोन्ही एकत्र पोचल्यावर नाही म्हणायची कुणाची बिशाद?

एका गोष्टीत मात्र न्यू जर्सी फारच मागास निघालं. टोनीविरुद्ध पुरावा मिळावा म्हणून अमेरिकेची एफबीआय त्याच्या तळघरातला दिवा मोजमापासकट नकलून घेते, घरात कुणी नसण्याची वेळ साधते आणि आत माइक दडवलेला तसाच दिवा तिथं ठेवून येते. केवढा खटाटोप! आमच्याकडं भाऊंचे कार्यकर्ते हे सगळं स्वखर्चानं करतात. कमरेला काय आहे, गाडीत कोण आहे, जेवायला कुठल्या धाब्यावर आहेत, सगळं रीलवर, मागं डायलॉग, खाली हॅशटॅग. पोलिसांनी फक्त फॉलो करायचं. बीडच्या पोलिसांनीही २०२५ साली एक चांगलं काम केलं: छातीवरच्या पाटीवरून आडनाव काढून नुसतं नाव ठेवलं, म्हणजे जात बघून कुणी ओळख काढू नये. टोनीच्या मालिकेचं नावच मुळी आडनाव आहे. ते काढलं तर उरतो एक पोट सुटलेला, रात्री फ्रिज उघडून उभा राहणारा गृहस्थ.

शेवटचा भाग आम्ही सगळ्यांनी मिळून बघितला. टोनी एका हॉटेलात बायको-पोरांची वाट बघत बसलाय, दार उघडतं, तो मान वर करतो आणि पडदा एकदम काळा. "गेली लाईट," आई म्हणाली. पंखा चालू होता. तरी गल्लीतलं पोरगं उठून मीटर बघून आलं. परळीत वीज तयार होते आणि आमच्याकडून जाते, याची आम्हांला इतकी सवय, की काळ्या पडद्याला कला समजायला वेळ लागतो. २००७ साली अमेरिकेतही पुष्कळांना केबल गेली असंच वाटलं होतं म्हणे, म्हणजे तेही फार पुढं गेलेले नाहीत.

मग वाद पेटला. टोनी मेला की वाचला? पोरं म्हणाली, वाचला पाहिजे. बायकोही म्हणाली, "बिचारा, पोरीची वाट बघत होता." याच बिचाऱ्यानं पोरीला कॉलेज दाखवायला नेलं असताना वाटेत एका माणसाचा गळा आवळला होता, हे तिनं डोळ्यांनी पाहिलं होतं. ८६ भागांत लेखकानं आम्हांला इथवर आणून सोडलं.

इथं मला मस्साजोग आठवलं. ९ डिसेंबर २०२४ला केज तालुक्यातल्या या गावच्या सरपंचांचा खून झाला. त्यात विनोद नाही, आणि शोधायचाही नाही. त्यानंतर पुण्या-मुंबईचे पाहुणे आम्हांला विचारायचे, तुमच्याकडं हे असं कसं वाढलं? आम्ही पोलिसांना, पुढाऱ्यांना, दुष्काळाला बोल लावायचो. त्यात खोटं काही नव्हतं. आमचं स्वतःचं नाव मात्र त्या यादीत नसायचं.

डॉक्टर मेल्फी वर्षानुवर्षं टोनीचं ऐकून घेते. प्रश्न विचारते, मान हलवते, गोळ्या लिहून देते. शेवटून दुसऱ्या भागात तिच्या ध्यानात येतं, की अशा माणसाला बोलतं करून तो सुधारत नाही, उलट आपल्या वागण्याची कारणं छान मांडायला शिकतो. त्या दिवशी ती त्याला दार दाखवते. आम्ही बीडकर मेल्फीचंच काम करतो, तेही बिनपगारी. दादांच्या घरच्या सत्यनारायणाला जातो, कारण ते आपल्या पोरीच्या लग्नात आले होते आणि अक्षता पडेपर्यंत थांबले होते. बांधाचा वाद तहसीलला वर्षं खातो, दादांच्या ओट्यावर चहा निवायच्या आत मिटतो. पोराच्या ॲडमिशनला फोन, बदलीला फोन, ट्रॅक्टर सोडवायला फोन. आणि घरी येताना एकमेकांना सांगतो, "काही म्हणा, मनानं लई चांगला माणूस हाय." मेल्फीला एवढं समजायला सहा सीझन लागले. आम्ही अजून पहिल्याच भागात मान हलवतोय.

हे सगळं मी बायकोला मोठ्या तावातावानं सांगितलं. तिनं ऐकून घेतलं आणि म्हणाली, "आहो, पण चौकातल्या फ्लेक्सवर तुमचा फोटो हाय की."

जाऊन बघितलं. दादांच्या वाढदिवसाचा फ्लेक्स, दुमजली. वर दादा कानाला मोबाइल लावून चालत येताहेत, खाली 'शुभेच्छुक' म्हणून पासपोर्ट फोटोंची दाटी, आणि खालून दुसऱ्या रांगेत, एका युवा नेत्याच्या आणि एका भावी सरपंचाच्या मधे मी. निरोप समारंभातला फोटो. खांद्यावरची शाल दिसतेय, हातातला नारळ कापला गेलाय. खाली लिहिलंय 'गुरुजी, मार्गदर्शक'.

"काढायला लावा," बायको म्हणाली. "आत्ता एवढं त्या डॉक्टरीणबाईचं कौतुक करत होता."

"लावतो की!"

पण सांगणार कुणाला? फ्लेक्सवाला म्हणाला, फोटोंची यादी वरून आलीय. यादी करणारा पोरगा म्हणाला, गुरुजी, तुम्हांला मान दिलाय आणि तुम्हीच असं बोलायलाव? चौघांना विचारून झालं आणि चौघांनी एकच नाव सांगितलं. या शहरात तो फोटो एका फोनवर उतरवू शकेल असा माणूस एकच आहे. उद्या सकाळी त्यांच्याकडं जाऊन येतो. रिकाम्या हातानं जाणं बरं दिसत नाही, म्हणून बायकोनं सीताफळांची पाटी आणून ठेवलीय.